कुलपाची तक्रार

प्रिय भूषण,

पाकिटावरचं माझं अक्षर ओळखून पत्र तसंच ठेवून देऊ नकोस. तू फोन उचलत नाहीस, मेसेज उघडत नाहीस, म्हणून पोस्टाची वाट धरली. मी मजेत आहे. आई वाघोलीत माझ्याकडेच आहे. तिचे गुडघे कुरकुरतात, पण तोंड त्याहून जोरात चालतं, आणि हल्ली ते बहुतेक माझ्यावरच चालतं.

त्या रविवारी आम्ही दोघी मांजरीच्या प्लॉटवर शेवग्याच्या शेंगा काढायला गेलो होतो. बघतो तर चारी बाजूंनी पत्रे आणि फाटकाला कुलूप. तुमच्या भावानेच लावलंय, असं शेजारी म्हणाले. तात्यांनी निवृत्तीनंतर हौसेने घेतलेली दोन गुंठे जागा, सातबाऱ्यावर आपल्या तिघांची नावं, आणि तू मला बाहेर ठेवलंस, या विचाराने माझं डोकंच फिरलं. तुला एक फोन करावा, एवढंही सुचलं नाही. आईला रिक्षाने घरी धाडलं आणि सातबारा पिशवीत घालून मी सरळ पोलीस चौकी गाठली. वर चौकातल्या चावीवाल्यालाही बरोबर घेतलं! पोलीस येतील, कुलूप उघडतील, मला ताबा देतील, असं माझं गणित. हसू नकोस.

हवालदार आनंदीबाईंनी सातबारा पाहिला, मग बाहेर स्कूटरवर बसलेला चावीवाला पाहिला. म्हणाल्या, "आधी यांना घरी पाठवा. ताई, सातबाऱ्यावर नाव आहे म्हणून मालकी ठरत नाही. जागा कुणाची ते कोर्ट ठरवतं. आम्ही मारामारी होऊ नये एवढं बघतो, कुलपं तोडत नाही." तरी मी हट्टाने अर्ज दिलाच, म्हणून त्यांनी सोमवारी आपल्या दोघांना बोलावलं.

हिंजवडीहून दोन तास ट्रॅफिकमध्ये घालवून तू आलास, गळ्यात कंपनीचं ओळखपत्र तसंच. माझ्याकडे पाहिलंही नाहीस. सही घेण्याआधी जबाब मोठ्याने वाचून दाखवतात, हे मला ठाऊक नव्हतं, तुलाही नसावं. पलीकडच्या बाकावर बसून मी तो शब्दन्‌शब्द ऐकला. कुणीतरी टेंपो भरभरून राडारोडा आणून टाकत होतं, म्हणून तू पत्रे ठोकलेस. बहिणीचा हिस्सा मला मान्य आहे, तिने विचारलं असतं तर चावी दिली असती, असंही त्यात होतं. सही करून तू निघून गेलास. मी धावत मागे यायला हवं होतं, पण लाज वाटली रे.

आता जागेची काळजी मिटली. कुठला भाग कुणाचा, ते आई, तू आणि मी कधीही निवांत ठरवू. पत्र्यांमुळे राडारोडा थांबलाय आणि शेवगा फुलावर आलाय, असं शेजारी सांगतात. खरं सांगते, इतकं हलकं मला कित्येक वर्षांत वाटलं नव्हतं. तूच तेवढा बोलत नाहीस.

पत्र लिहायला बसले ते एवढ्यासाठी. पुढच्या शनिवारी सकाळी अकराला मी तक्रार मागे घ्यायला चौकीत जाणार आहे. आनंदीबाई म्हणाल्या, तुमची एकटीची सही पुरे, भावाने यायची गरज नाही. कायद्याला पुरत असेल. मला पुरत नाही. तू ये.

तुझीच,
सोनालीताई