रुख्सानाचा दाखला

कोरेगाव, मंगळवार, संध्याकाळ

शिंप्याची रुख्साना आज वकिलीच्या सनदेसाठी लागणारा चारित्र्याचा दाखला माझ्या, म्हणजे गावातल्या जुन्या वकिलाच्या, सहीसाठी घेऊन आली. माझ्यासमोर वाढलेली पोर. मी पेनचं टोपण काढलं आणि पुन्हा लावलं. रस्त्याच्या कामावरून तिनं एका पुढाऱ्याला फेसबुकवर सुनावलंय, त्यानं पोलिसांत तक्रार केलीय.

"आधी ती पोस्ट काढ," म्हटलं.

"आवं काका, त्यात खोटं काय हाय?"

"खोटं न्हाई गं. पण..."

कागद तिथंच ठेवून ती गेली. कुणाला घाबरलो मी? असले दाखले किती पोरांना तोंडही न बघता सही करून दिले, तेव्हा टोपण कधी अडलं नाही. आत्ता त्यावरची छापील ओळ पहिल्यांदा वाचली: 'अर्जदारास मी व्यक्तिशः ओळखतो.'

इतक्या वर्षांत ही ओळ आजच खरी होती. आणि आजच मी सही केली नाही.