चाळीसच्या आत

खरवई, बदलापूर (पूर्व)
२ फेब्रुवारी २०२५

चि. सुदाम यास आक्काचा जय भीम आणि आशीर्वाद. वि. वि.

पासष्टी ओलांडलीस तरी माझ्यासाठी तू चि.च. फोन करायचा नाद मी आता सोडला आहे. कंपनीतल्या त्या कॉम्प्रेसरनं तुझे कान खाल्ले, आणि मी फोनवर ओरडले की अख्ख्या खरवईला माझा गुडघा कळतो, एक तुला सोडून. त्यापेक्षा पत्र बरं. साक्षरतेच्या वर्गात मला ओढत नेऊन बसवलंस ते तूच, आता भोग.

बातमी अशी की तुझ्या लेकाचं, मिलिंदचं, छपाईचं काम सुरू झालं. सव्वीस जानेवारीला माझ्या मागच्या अंगणातल्या शेडमध्ये टेबलं लावली, वर नवे पत्रे टाकले. स्टिकर, बॅनर, बिल्ले, सगळं करतो म्हणतो. चौदा एप्रिलच्या ऑर्डरी आत्तापासून यायला लागल्यात, अंबरनाथच्या एका मंडळानं तर गाड्यांवर लावायचे निळे स्टिकर सांगितलेत. माया ऑफिसातून आली की पदर खोचून स्टिकर कापायला बसते. गुणाची सून आहे तुझी, तिला कधी तोंडावर सांगत जा.

त्यानं कंपनीतली नोकरी सोडली तेव्हापासून तुम्ही बापलेक एकमेकांची तोंडं बघत नव्हता, त्याचं मला किती लागत होतं ते मीच जाणे. आता तोच तुझ्या दारात विचारायला आला, आणि तू त्याला उल्हासनगरातल्या तुझ्या ओळखीच्या सेठकडे नेऊन टर्पेंटाइनचा डबा घेऊन दिलास. हे ऐकलं त्या दिवशी मी शेवयांची खीर केली.

शेडमध्ये बुद्धाची आणि बाबासाहेबांची तसबीर मीच लावली. दिवेलागणीला तिथेच मेणबत्ती लावून त्रिसरण म्हणते. जिथे आपलं पोर राबतं तिथे उजेड हवा. पण छपाईच्या चौकटी धुवायला ते टर्पेंटाइन वापरतात ना, त्याचा वास नाकातून जात नाही. हे पेटणार तर नाही ना, असं मी मिलिंदला विचारलं. तो हसला. म्हणाला, बाबांनी सांगितलंय, ह्याचा फ्लॅश पॉइंट चाळीस आहे, चाळीसच्या आत काही होत नाही. हा फ्लॅश पॉइंट काय प्रकार आहे ते मला कळेल असं लिही. सगळी नोकरी तू त्यावर पगार घेतलास आणि मी कधी विचारलंच नाही.

लोभ आहेच, उत्तर येऊ दे म्हणजे तोही टिकेल.

तुझी आक्का,
सरस्वती


उल्हासनगर-४
९ फेब्रुवारी २०२५

आदरणीय आक्कास सुदामचा सविनय जय भीम. वि. वि.

तुझं पत्र वाचून मी दोन इंच उंच झालो. अंबरनाथच्या लॅबमध्ये माझे केस पांढरे झाले, पण तिथे मी नेमकं करतो काय, हे घरातल्या कोणी विचारलं नाही. मिलिंदच्या आईला शेवटपर्यंत वाटत होतं की मी रॉकेल ढवळतो.

तर ऐक. पेटतं ते तेल नव्हे, तेलाची वाफ. रॉकेल, डिझेल, टर्पेंटाइन, रिफायनरीतून निघणारं कुठलंही तेल घे, ते थोडी थोडी वाफ सोडत असतं. गार असताना कमी, तापेल तशी जास्त. आम्ही पितळेच्या झाकणवाल्या वाटीत तेल घ्यायचो, खालून हळूहळू ऊब द्यायचो, आणि दर अंशाला झाकणाची बारीक खिडकी उघडून करंगळीच्या नखाएवढी ज्योत आत दाखवायचो. काही होत नाही, काही होत नाही, आणि मग एका अंशाला तेलावरून निळी झुळूक सर्रकन पळते आणि विझते. तो अंश म्हणजे फ्लॅश पॉइंट. आणखी तापवलं की एक वेळ अशी येते की पेटलेलं विझतच नाही. तो फायर पॉइंट, तो वेगळा. कंपनीत टँकर आला की माल आधी माझ्या वाटीत, मग टाकीत. आकडा खाली आला तर टँकर परत, कारण कोणीतरी त्यात पेट्रोलसारखं हलकं काही मिसळलेलं असायचं. हल्ली कुठे दगडफेक झाली की टीव्हीवाले त्या गावाला फ्लॅश पॉइंट म्हणतात. त्यांना एकदा माझ्या वाटीसमोर बसवायला हवं होतं.

मिलिंदचा माल चाळीसचा आहे, म्हणजे रॉकेलच्या घरातला, पेट्रोलच्या नाही. तू निर्धास्त राहा. तो नमुन्याची बाटली घेऊन दारात उभा राहिला तेव्हा मला काय झालं सांगू? मी चहासुद्धा विचारायचा विसरलो. पास, असं मी म्हटलं आणि त्याचा चेहरा दहावीच्या निकालाला खुलला होता तसा खुलला. एक विनंती आहे. माझ्या नावानं त्याला आता आणखी काही सूचना करू नकोस. प्रत्येक गोष्टीत खोडा घालणारा बाप, असं म्हणायचा तो आत्ताच कुठे थांबलाय.

संध्याकाळी मेणबत्ती लावशील तेव्हा माझ्याही नावाचं वंदन कर. तुझा लोभ माझ्या कानांपेक्षा जास्त टिको.

तुझा,
सुदाम


खरवई
१७ एप्रिल २०२५

चि. सुदाम यास आक्काचा जय भीम.

मायानं तुला कळवलंच आहे. तरी मला माझ्या हातानं लिहायचं होतं.

शुक्रवारी दिवसभर वारा सुटला होता. समोरचा रस्ता खणलाय, त्याची धूळ ओल्या स्टिकरवर बसायला लागली म्हणून मिलिंदनं शेडचं दार आणि खिडकी लावून घेतली. आत भट्टी झाली होती. चौदा तारखेचं काम हातघाईवर आलेलं, त्याला घाम पुसायलाही सवड नव्हती. दिवेलागणीला मी नेहमीसारखी मेणबत्ती घेऊन गेले. तो कोपऱ्यात बादलीशी बसून चौकटी धूत होता. मी तसबिरींखालच्या बुटक्या स्टुलावर मेणबत्ती ठेवली आणि काडी ओढली. सुदाम, जमिनीलगत निळी झुळूक पळाली. तू लिहिली होतीस अगदी तशीच. पण ती विझली नाही, ती बादलीपर्यंत गेली.

त्यानं आधी मला दाराबाहेर ढकललं. मग आत जाऊन डबा बाहेर काढला, म्हणून घर वाचलं. दोन्ही हात कोपरापर्यंत भाजलेत. डॉक्टर म्हणतात, बरे होतील, पण बोटं आखडू नयेत म्हणून पुष्कळ दिवस व्यायाम करावा लागेल. चौदा तारखेला मिरवणूक दारावरून गेली. ज्या गाड्यांवर त्याचे स्टिकर असायचे त्या तशाच गेल्या. तो बँडेजातले हात मांडीवर घेऊन आत बसला होता. त्यानं मला बोल लावला नाही. लावला असता तर बरं झालं असतं.

तुझं ह्यात काही नाही. तू तर इतकं समजावून लिहिलं होतंस, मलाच ते नीट कळलं नसणार. मेणबत्ती मी लावली, माझ्या ह्या हातानं. तरी एवढं सांग, चाळीसच्या आत काही होत नाही तर पेटलं कसं? की माझ्या हातालाच यश नाही?

काय मागू तुझ्याकडे? उत्तर दे.

सरस्वती


उल्हासनगर-४
२१ एप्रिल २०२५

आदरणीय आक्कास सविनय जय भीम. वि. वि.

पत्र मिळालं. तू स्वतःला त्रास करून घेऊ नकोस. अशा गोष्टींना पुष्कळ कारणं असतात, मेणबत्ती हे एक निमित्त. जे झालं ते झालं, पोराचा जीव वाचला हे मोठं.

मी यायला निघणारच होतो, पण गुडघा धरलाय आणि ऊन फार आहे. सोबत त्याच्यासाठी मलम पाठवतो आहे. डॉक्टरांना विचारूनच लावा. मायाला म्हणावं, त्याला नारळपाणी देत जा. इकडे सेठनं मिलिंदची चौकशी केली. पाणी दिवसाआड येतं. बाकी ठीक.

पत्र आखूड झालं, राग नसावा. लोभ असावा.

सुदाम


खरवई
२९ एप्रिल २०२५

ती. बाबांना मायाचा सविनय जय भीम. वि. वि.

मला पत्र लिहायची सवय नाही, चुकलं तर सांभाळून घ्या. पण फोनवर तुम्हाला ऐकू जात नाही आणि मेसेज तुम्ही उघडत नाही.

ह्यांच्या हातांना उतार आहे. चमचा धरता येतो. काळजी आत्यांची आहे. त्या दिवसापासून त्यांनी एकदाही मेणबत्ती लावलेली नाही. घरातली काडेपेटी शेजारी देऊन टाकली, गॅससुद्धा मला पेटवून द्यावा लागतो. तसबिरी आतल्या खोलीत आणल्यात, त्यांच्यासमोर अंधारातच बसून त्रिसरण म्हणतात. आणि आता पिशवी भरून ठेवलीय. बुद्ध पौर्णिमा झाली की नाशिकला चुलत बहिणीकडे जाऊन राहणार, कायमच्या. रोज सकाळी मिलिंदला माझं तोंड बघायला लागू नये, असं म्हणतात. ज्या घरात त्यांनी ह्यांना आईसारखं सांभाळलं त्या घरातून त्या चोरासारख्या जायला निघाल्यात. हे त्यांना सांगतात, आत्या, तुझी चूक नाही. पण सांगताना खाली बघतात, कारण दार आपण लावलं हे ह्यांना खातंय. त्यांना वाटतं, तो मनापासून बोलत नाही.

रोज मला एकच विचारतात, चाळीसच्या आत होतं तर पेटलं कसं. मी कॉमर्सवाली, मी काय सांगणार? आपल्या घरात हे सांगू शकेल असे तुम्ही एकटेच आहात. तुमच्या मागच्या पत्रात त्याचं उत्तर नव्हतं.

आणि एक, रागावू नका. तुम्ही अजून आला नाहीत. उल्हासनगर काही परदेशात नाही. फाटक वाजलं की हे मान वर करून बघतात.

तुमचा आशीर्वाद आम्हाला आता जवळून हवा आहे.

तुमची,
माया


उल्हासनगर-४
२ मे २०२५

आदरणीय आक्कास,

तुझ्या प्रश्नाचं उत्तर असं की शेड चाळीसच्या आत नव्हती.

जानेवारी-फेब्रुवारीत होती. एप्रिलात बदलापूरचं ऊन, वर पत्रा, दार-खिडकी बंद. आत चाळीसच्या पुष्कळ वर गेलं असणार, बादलीतलं टर्पेंटाइनही तापलं असणार. ते वाफ सोडत होतं, आणि ही वाफ हवेपेक्षा जड असते, खाली जमते, जमिनीलगत पसरते. तुझ्या स्टुलापाशी ती आधीच येऊन थांबली होती. चाळीस हा तेलाचा आकडा. त्याच्या शेजारी शेडचा आकडा ठेवून बघायचा असतो, नाहीतर तो नुसता आकडा. हे समजावायचं काम माझं होतं. तुला सगळं नीट कळलं होतं आक्का, मी अर्धंच लिहिलं होतं.

आणि हे मला मागाहून सुचलं असंही नाही. तुझं फेब्रुवारीचं पत्र वाचताना नवे पत्रे आणि मेणबत्ती, दोन्हींवर माझं बोट थांबलं होतं. लॅबमध्ये कोणी असं बोललं असतं तर मी जेवता जेवता उठून धावलो असतो. पण लिहायला बसलो आणि मनात आलं, पुन्हा तेच. नोकरी सोडू नको, धंदा करू नको, पत्रा नको, मेणबत्ती नको. माझा मुलगा इतक्या दिवसांनी माझ्या दारात आला होता आणि मी त्याला पास म्हटलं होतं. ते मला परत घ्यायचं नव्हतं. म्हटलं, उन्हाळ्याला वेळ आहे, सांगू सावकाश. टीव्हीवाल्यांची चेष्टा लिहायला मला जागा मिळाली, एवढी एक ओळ लिहायला मिळाली नाही.

मग तू विचारलंस, की माझ्या हाताला यश नाही का, आणि मी तुला नारळपाण्याचं लिहिलं. ह्याची मला पहिल्यापेक्षा जास्त लाज वाटते. गुडघा दुखत नाही. मी बदलापूरच्या रिक्षात बसलो होतो एकदा, अंबरनाथहून परत फिरलो.

नाशिकला जाऊ नकोस. जायची पाळी कोणाची असेल तर ती माझी आहे. हे पत्र मिलिंदला वाचून दाखव. त्याच्यासमोर उभं राहून सांगायचं बळ माझ्यात नाही.

लोभ मागायला तोंड उरलेलं नाही.

सुदाम


खरवई
६ मे २०२५

सुदाम यास,

चि. लिहिलं नाही ते मुद्दाम.

तुझं पत्र वाचून मी आधी उठून पाणी प्यायले. मग तुला शिव्या दिल्या. मायानं ऐकल्या, तिला विचार, एकही शिळी नव्हती. मग ओट्यावर बसून रडले. मला वाटत होतं, पोटच्यासारखं वाढवलेलं पोर मी माझ्या हातानं जाळलं. त्या विचारानं मी घर सोडायला पिशवी भरली, आणि उत्तर तुझ्या खिशात होतं.

फेब्रुवारीचा मला राग नाही. पोर परत दुरावेल म्हणून गप्प बसलास, ते मला कळतं. मीही त्याचं काय कमी झाकलंय? राग आहे तो एप्रिलचा. लहानपणी तुझ्या हातून माठ फुटला आणि मार मी खाल्ला, तेव्हा तू दाराआड उभा होतास. पण तेव्हा तू एवढासा होतास. आता नाहीस.

मी नाशिकला जात नाही. मायानं पिशवी उपसून कपडे कपाटात लावलेसुद्धा. मात्र तुझं पत्र मी मिलिंदला वाचून दाखवलेलं नाही आणि दाखवणारही नाही. त्याच्यासमोर बस, त्याचे हात बघ, आणि तुझ्या तोंडानं सांग. तो ओरडेल. तुला नीट ऐकू येईल इतका ओरडेल. ऐकून घे. दार मी लावलं म्हणून झालं, असं तोही मनात कुढतोय, त्याचंही ओझं उतरू दे. आणि ह्या वेळी अर्धं सांगू नकोस.

बारा तारखेला बुद्ध पौर्णिमा आहे. तसबिरी मी पुढच्या ओट्यावर मांडणार, उघड्या हवेत, शेडपासून लांब. मेणबत्ती मायानं आणून ठेवलीय. काडेपेटी घरात नाही, ती तू येताना आण. त्याला सगळं सांगून झालं की काडी तू ओढायचीस. मी तुझा हात धरीन, कारण मला एकटीला अजून ती ओढवत नाही.

लोभ आहे, रागही आहे. दोन्ही न्यायला ये, आणि अंबरनाथहून परत फिरू नकोस.

तुझी आक्का