विनसॉक फाइलीची वाटणी

५ नोव्हेंबर १९९७, बुधवार. सकाळी ६.
नात झाली! पहाटे शिवतेजचा अमेरिकेहून फोन. तीन मिनिटांतली पावणेतीन सौ. शालूबाईंनी रडण्यात घालवली. उरलेल्यात मी ठणकावून सांगितलं, नाव मी मेलनं पाठवतो. तोवर फोन कट झाला होता, असं सौ.चं म्हणणं. बायकांना शेवटचं वाक्य कधीच ऐकू येत नाही.

बारसं त्यांच्या शनिवारी रात्री, म्हणजे आपल्या १६ तारखेला, रविवारी सकाळी आठला. नाव ठरलं: भूमिती. तेहतीस वर्षं मोजणी खात्यात साखळी ओढली, इतकं देखणं नाव डोळ्यांखालून गेलं नाही.

घोडं पेंड खातं ते एकाच ठिकाणी. नाव ठेवायचा मान आत्याचा. शिवतेजला सख्खी बहीण नाही, म्हणून मान जातो चुलत आत्याला, म्हणजे आमच्या धाकट्या भावाच्या, कृष्णातच्या लेकीला, संयोगिताला. कृष्णात, रिटायर्ड सुभेदार, राहतो भिंतीपलीकडं. माझ्या नातीचं नाव त्या घरातून येणार? मी जिवंत असेपर्यंत नाही.

रात्री.
नाव उद्या पाठवतो. अशी कामं सकाळच्या ताज्या डोक्यानं करावीत.

६ नोव्हेंबर.
पाठवण्यापूर्वी मशीनची तपासणी केली. महिन्यापूर्वी क्लासवाल्या आम्रपाली मॅडमनी सेकंडहँड कॉम्प्युटर बसवून दिला. दोन मेल आले, चालतो बरा. पण आत ढुंकून कोण बघतो? मी बघितलं. विंडोजच्या फोल्डरात एक फाइल सापडली, विनसॉक डीएलएल. कुणाच्याच नावावर नाही.

मॅडमना फोन केला. त्या म्हणाल्या, फोनची लाइन जोडणारा डायलर, मेल, चॅट, सगळे प्रोग्रॅम याच एका फाइलीतून बाहेरच्या लाइनशी बोलतात. ती सगळ्यांची सामाईक असते. आणि वर म्हणाल्या, सर, तेवढ्या फाइलीला हात लावू नका.

सामाईक! हसू आवरेना. या पोरीनं सामाईक विहीर बघितली नाही कधी. आमच्या दोन घरांत एक आहे. मार्चमध्ये मी तिच्या कठड्यावर मधोमध चुन्याची रेघ मारली आणि भिंतीतलं दार विटांनी बुजवलं. कृष्णात म्हणाला, "दादा, पाण्याला रेघ कशी कळायची?" मिल्ट्रीतली माणसं. बुद्धी कॅन्टीनमध्ये जमा करून येतात.

सामाईक म्हणजे भांडण. उद्या वाटणी.

७ नोव्हेंबर.
वाटणी झाली. मूळ फाइल थोरल्याला, म्हणजे डायलरला. मेलला मासिकाबरोबर आलेल्या सीडीवरची. चॅटला गल्लीतल्या बाळासोच्या फ्लॉपीवरची. विंडोजमधली पुसून टाकली. तिन्हींच्या तारखा वेगळ्या, साइझ वेगळी. असू दे. वाटणीतले तुकडे सारखे कधी आले होते?

पंचनामा लिहिला. साक्षीदार म्हणून सौ.ची सही मागितली. ती म्हणाली, "आवं, पोरीचं नाव ठिवायचंय का कोर्टात जायचंय?" सही केली, पण कागदावर तेलाची बोटं उठली. दप्तराची शिस्त या घरात कुणालाच नाही.

८ नोव्हेंबर.
डायलर आधी उघडला. पुण्याला लाइन लागली. मेल उघडला, तर म्हणतो फाइल चुकीच्या व्हर्जनची. सगळं बंद करून मेल आधी उघडला. आता डायलर म्हणतो तेच. जो आधी उठतो तो चालतो, दुसरा रुसून बसतो. चॅट तर कुणाच्याच पाठोपाठ उठत नाही.
निष्कर्ष: लाइन खराब. वाटणी बिनचूक आहे.

१० नोव्हेंबर.
आम्रपाली मॅडम आल्या. बघून म्हणाल्या, सर, असं का केलंत? मी समजावून सांगितलं. त्यांनी पुन्हा तेच विचारलं. शिकलेल्यांना सोपी गोष्ट पटायला वेळ लागतो.

त्यांचं म्हणणं, डायलरकडची मूळ फाइल जागेवर ठेवायची. ठेवायला गेल्या, तर ती मी काल उघडून तपासताना सेव्ह झाली होती. म्हणजे बिघडली म्हणे. मूळ फाइलीच्या डिस्क त्यांच्या भावाकडं, कवठे महांकाळला. रविवारी संध्याकाळी आणतील. नाहीतर म्हणाल्या, शेजारी संयोगिताकडं अगदी हीच फाइल आहे, दोन्ही मशीन मीच बसवलीत, एक फ्लॉपी न्यायची की झालं.
चहा दिला आणि वाटेला लावलं.

१२ नोव्हेंबर.
फोन हा सरळ उपाय. चौकात जायचं, आयएसडी बूथवरून नाव सांगायचं. नंबर कुठं आहे? शिवतेजच्या मेलमध्ये. मेल उघडत नाही. सौ.ला विचारलं. तिनं तांदूळ निवडता निवडता सांगितलं, "संयोगिताच्या कॅलेंडरावर लिवलाय की."
फोन नको. नावासारखी गोष्ट लेखीच जावी.

१३ नोव्हेंबर.
पत्र टाकलं. पोस्टातला म्हणाला, पंधरा दिवस. त्याच्या तोंडावर हसू होतं, की मला वाटलं, कोण जाणे.

१५ नोव्हेंबर.
तिन्ही फाइली एकमेकींच्या जागी घालून बघितल्या. सहा प्रकार होतात, सहाही केले. संध्याकाळी सौ. म्हणाली, "लय झालं. जावा की पल्याड, भाऊच हाय न्हवं?" मी जेवलो नाही. भूक होती.

१६ नोव्हेंबर, रविवार.
सकाळी आठ. डायलर गप्प. भिंतीपलीकडं हसणं. सौ.ला हाक मारली, घरात नाही.

फ्लॉपी खिशात घातली. फक्त फाइलीसाठी. दार मीच बुजवलेलं, म्हणून रस्त्यानं वळसा घालून गेलो. कृष्णात दारातच होता. म्हणाला, "दादा, या आत. लय गोड हाय पोर."

स्क्रीनवर फोटो. सौ. पुढं खुर्चीत, डोळे पुसत. संयोगितानं नाव टाइप केलं होतं: माया. तिकडून शिवतेजनं 'छान' लिहिलं. माझ्या भूमितीचं नाव कुणी काढलं नाही. वाईट वाटलं. खूप वाटलं. बारा दिवसांची नात आणि तिच्या आयुष्यातली पहिली गोष्ट माझ्याशिवाय झाली.

फोटोतलं नाक आमच्या आईचं आहे. कृष्णात तेच म्हणाला. मी खुर्ची पुढं ओढली.

निघताना फ्लॉपी पुढं केली. संयोगिता म्हणाली, "न्या की आबा. तुमी नेली म्हणून आमची कमी हुईत न्हाई."

१७ नोव्हेंबर.
फाइल विंडोजमध्ये टाकली. तिन्ही तुकडे पुसले. पहिल्या झटक्यात लाइन, मेल, चॅट, सगळं चालू. चाचणी म्हणून शिवतेजला लिहिलं: नाव भूमिती ठेवावे, झालेल्या नोंदीत फेरफार करता येतो.

१९ नोव्हेंबर.
उत्तर आलं. "बाबा, भूमिती नाव सगळ्यांना आवडलं. आमच्या मांजराला अजून नाव नव्हतं. त्याला ठेवलं."

मांजराचा फोटो मागवला आहे.