दारावरचा गोली

आई,

उद्या सकाळी आठच्या आत माझे पॅड खाली नेऊन ठेवायचे आहेत. सोदाइ गोमीची गाडी येणार आहे, मोठ्या कचऱ्याची. तुला आठवत असेल, फुनाबोरीतलं आपलं जुनं कपाट न्यायला ती आली होती, तेव्हा तू कपाटाला हळदकुंकू लावलं होतंस आणि गाडीवरच्या माणसाने डाग समजून ते फडक्याने अदबीने पुसून काढलं होतं. या वेळी नोंदणीसाठी फोन केला, तर पलीकडच्या बाईंना मी काय टाकतोय तेच कळेना. त्यांच्या यादीत सायकल होती, गादी होती, स्कीसुद्धा होत्या. आइस हॉकीच्या गोलीचे, म्हणजे गोलरक्षकाचे, पॅड नव्हते. केवढे आहेत, म्हणाल्या. मांडीपासून पावलापर्यंत, म्हटलं. आत काय आहे, तर फोम. बराच वेळ कागद चाळल्याचा आवाज आला आणि मग त्यांनी फार नम्रपणे विचारलं, लहान मुलांची गादी म्हणून लिहिलं तर चालेल का. माझ्या सगळ्या कारकिर्दीची लहान मुलांची गादी झाली. चालेल म्हटलं, आणि कोन्बिनीतून, कोपऱ्यावरच्या दुकानातून, पैसे भरल्याचे स्टिकर आणून दोन्ही पॅडना चिकटवूनही टाकले. आता ते इचिकावाच्या या घराच्या दाराशी पाहुण्यांसारखे उभे आहेत.

खेळणं सुटलं, आई. या वसंतात सुटलं. दोन्ही गुडघे बोलायला लागले होते, तेही जिना चढताना मोठ्याने. शेवटच्या सामन्यानंतर संघाने फुलांचा गुच्छ दिला, सगळे ‘ओत्सुकारेसामा’ म्हणाले, थकला असाल म्हणाले, आणि मी बर्फाकडे वळून वाकलो, नेहमीसारखाच. रडू येईल असं वाटलं होतं. आलं नाही. सकाळी उठायचं आणि कुणी आपल्याला काही फेकून मारणार नाही, हे किती सुखाचं असतं ते बाकीच्या लोकांना कळतच नसेल, कारण त्यांना ते रोज फुकट मिळतं.

तुला हे पहिल्यापासून कळत होतं म्हणा. वॉर्डाच्या हिवाळी रिंकवर मला पहिल्यांदा गोलमध्ये उभं केलं, कारण गोलीचं सामान क्लबचं होतं आणि ते घालायला कुणी तयार नव्हतं. मला स्केटिंग जेमतेम येत होतं आणि नाही म्हणायला पुरेसं जपानी येत नव्हतं. तू एकदाच बघायला आलीस. काचेपलीकडे उभी राहिलीस, पहिला पक, ती रबराची चकती, माझ्या खांद्याला लागला तेव्हा पदर नसतानाही तो तोंडाशी न्यायचा तसा हात नेलास, आणि नंतर पूर्ण वेळ डोळे मिटून घेतलेस. घरी येऊन पोळ्या लाटता लाटता म्हणालीस, “बाकीची पोरं ते काळं रबर चुकवतात आणि आमचा त्याच्यापुढे जाऊन उभा राहतो. सांगू तरी कुणाला मी?” पुन्हा कधी रिंकवर आली नाहीस. गणपतीला जमणाऱ्या बायकांना मात्र ‘आमचा गोली आहे’ असं तोऱ्यात सांगायचीस, आणि माझे कपडे धुवायचीस. रिंकवरून आलो की बॅग थेट स्वयंपाकघराला लागून असलेल्या मशीनपाशी, आणि तिथे तुझ्या फोडणीचा आणि माझ्या घामाचा वास एकमेकांत मिसळलेला.

कपड्यांच्या बाबतीत तुझा हात धरणारं कुणी नव्हतं. बाबांची तीन वर्षांची बदली लांबत लांबत कायमची झाली, तशी तू घरात बसून कंटाळलीस आणि स्टेशनजवळच्या कपडे धुऊन देणाऱ्या दुकानात बाइतो, म्हणजे अर्धवेळ काम, करायला लागलीस. काउंटरवर आलेला प्रत्येक कोट आधी खिसे, मग कॉलर, मग काखा, मग अस्तर असा तपासायचा, आणि शेवटी नाकाशी नेऊन हुंगायचा. हुंगल्याशिवाय पावती फाडायची नाही, असं दुकानाच्या मालकीणबाईंनी तुला शिकवलं होतं, कारण घाम, तेल आणि साधं पाणी यांचे डाग वेगवेगळ्या तऱ्हेने काढतात. संध्याकाळी जेवताना तू आम्हाला लोकांचे संसार ऐकवायचीस. अमुक सान बायकोला ऑफिसात होतो म्हणून सांगतात आणि कोटाला याकितोरीचा, भाजलेल्या कोंबडीचा, धूर. एकदा माझ्या पँटच्या खिशातला टिश्यू मशीनमध्ये विरघळून सगळ्या कपड्यांना चिकटला, तेव्हा तू जे बोललीस ते मला अजून ऐकू येतं: “खिसे तपासायला मला दुकानात ठेवलंय, घरात नाही.” अशा बाईला फसवायला मी निघालो होतो.

संघात गोली दोन असतात. एक खेळतो. दुसरा सगळं सामान अंगावर चढवून बाकाच्या टोकाला बसतो आणि खेळाडू आतबाहेर करतात तेव्हा त्यांच्यासाठी बाकाचं छोटं दार उघडतो, लावतो. तेवढंच त्याचं काम. पहिला गोली जखमी झाला तरच त्याला बर्फावर पाऊल टाकायला मिळतं. युनिव्हर्सिटीच्या पहिल्या वर्षी मी महिनोन्महिने दारावर होतो. तू विचारलंस, “खेळलास का रे?” आणि मी हो म्हणालो. एकदा हो म्हटल्यावर पुढच्या वेळी नाही कसं म्हणणार? पण दारावर बसलेल्याचा आतला शर्ट कोरडा राहतो, आणि तो शेवटी तुझ्या हातात जाणार. म्हणून मी रिंकच्या बेसिनमध्ये शर्ट भिजवायचो, पिळायचो, बॅगेत कोंबायचो. स्वतःच्या हुशारीवर खूश असायचो. ज्या दिवशी खरंच खेळायचो त्या दिवशीचा शर्ट आणि नळाखालचा शर्ट तुझ्या हातात सारखेच पडतात, अशी माझी समजूत.

होक्काइदोच्या संघाने करार दिला तेव्हा तू मला सहा नवे आतले शर्ट दिलेस. प्रत्येकाच्या कॉलरच्या आत लाल दोऱ्याची एक गाठ, दुकानातल्या कपड्यांना खूण करतात तशी, म्हणजे संघाच्या धुलाईत हरवू नयेत. बहुतेक हरवलेच. पुढच्या सतरा-अठरा वर्षांत मी पाच संघ हिंडलो. कुणाचा गोली जखमी झाला, कुणाचा म्हातारा झाला, की मला फोन यायचा आणि मी सामान बांधून निघायचो. एक संघ तर मी असतानाच बंद पडला. एका गावात सकाळी खेळाच्या दुकानात लोकांच्या स्केटना धार लावून द्यायचो आणि दुपारी सरावाला जायचो. कधी आठवडाभर खेळायला मिळायचं, एकदा सलग दोन महिने मिळालं, तेव्हा मी खरोखर चांगला खेळलो. हे मी फुशारकी मारायला सांगत नाही, तू बघितलं नाहीस म्हणून सांगतो. पण बहुतेक वेळ दारावर. जपानच्या उत्तरेत बाकांची दारं कशी लागतात, कुठल्या रिंकची कडी अडकते, हे माझ्याइतकं कुणाला माहीत नसेल.

आता दवाखान्यातली ती दुपार. माझा होक्काइदोतला दुसरा हिवाळा होता, तुझा शेवटचा. टोकियोजवळ आमचा सामना होता, सकाळी लवकर सुरू झालेला. मी दारावर होतो आणि आम्ही हरलो. सामना संपल्यावर प्रशिक्षकांना विचारून बॅग घेऊन तसाच ट्रेनने तुझ्याकडे आलो, तोच आतला शर्ट अंगात, भिजवायला वेळ नव्हता. बाबा खुर्चीत पेपर वाचत होते. तू विचारलंस, “खेळलास?” मी म्हटलं, हो, जिंकलो. तू हात वर केलास, मला वाटलं गालावरून फिरवायचाय म्हणून वाकलो, तर तू तो माझ्या कॉलरच्या मागून आत घातलास, पाठीवर ठेवलास आणि तसाच राहू दिलास. मग विचारलंस, जेवलास का. नाही म्हटल्यावर बाबांना म्हणालीस, त्याला खाली नेऊन काहीतरी खायला घाला. नऊ दिवसांनी तू गेलीस. मी तेव्हा उत्तरेतच होतो, त्यामुळे मी तुला शेवटचं जे काही सांगितलं ते खोटं होतं. हे मी कुणालाच बोललो नाही, बायकोलाही नाही. पण सोळा वर्षं, दर वेळी दाराच्या कडीला हात लावला की तेच मनात यायचं: मरणाऱ्या आईला आपण फसवलं, आणि ती बिचारी फसली.

गेल्या रविवारी सकाळी बाबा आले होते. आता त्यांचंही चालणं मंदावलंय, पण पॅड बांधायला येतो म्हणून हट्टाने आले. बाल्कनीत मी बॅग उपडी केली. तळाशी तुझ्या सहांपैकी उरलेला एक शर्ट निघाला, शेवटच्या सामन्यात पहिल्या गोलीचा पाय मुरगळल्यामुळे मी खेळलो होतो, त्या दिवसाचा, धुवायचा राहिलेला. माझ्या मुलीने तो दोन बोटांत धरला, “कुसाइ,” म्हणाली, आणि नाक दाबून आत पळाली. बाबांनी तो हातात घेतला, लाल गाठ बघितली आणि म्हणाले, “हा वास आला ना, की तुझ्या आईचा चेहरा पडायचा. वास नसला की खूश. त्या दिवशी आमटीत गूळ जरा जास्तच पडायचा.”

मी विचारलं, “कसला वास?”

“घामाचा. घाम नाही म्हणजे तू दारावर बसलेला. म्हणजे कुणी मारलं नाही तुला.”

मग म्हटलं, “पण बाबा, मी तर शर्ट भिजवून आणायचो.”

“अरे, दिवसभर लोकांचे कोट हुंगणारी बाई ती. नळाच्या पाण्याला भुलणार होती? पहिल्यांदा ओला शर्ट बघून घाबरायची, मग नाकाशी न्यायची आणि हसायला लागायची. मशीनमध्ये टाकायच्या आधी मला आणून दाखवायची. म्हणायची, बघा हो, आज पण बिचाऱ्यानं भिजवून आणलाय.”

“आणि दवाखान्यात?”

“तू गेल्यावर मला म्हणाली, पाठ कोरडी आहे, दारावरच होता. मग छान झोपली. बऱ्याच दिवसांनी अशी झोपली होती.”

मी म्हटलं, “सोळा वर्षं तुम्ही मला हे सांगितलं नाहीत.”

“तिनंच बजावलं होतं. खेळतोय तोवर सांगू नका म्हणाली. त्याला वाटेल आईला मी बसलेलाच आवडतो, मग तो मनापासून कसा खेळेल.” बाबांनी शर्टाची नीट घडी घातली, घामाचा असूनही. “आणि मी बँकेत होतो, विसरलास का? लोकांचं पोटात ठेवायचंच काम होतं आमचं.”

मला हसू आलं, आणि हसता हसता रडू आलं, तेही पॅडवर बसून, म्हणजे लहान मुलांच्या गादीवरच. बाबा दोरी शोधत राहिले. आई, माझा जीव खरोखर भांड्यात पडला. मी तुला फसवलं नव्हतं. मला ते जमलंच नव्हतं. एवढ्या वर्षांत माझ्या अपयशाचा मला इतका आनंद कधी झाला नव्हता. तुला मी सामना जिंकल्याची थाप मारली आणि तू त्या थापेच्या मागे हात घालून तुला हवं ते काढून घेतलंस, आणि वर मला जेवायला पाठवलंस.

हे पत्र पॅडच्या पट्ट्यांत खोचून द्यावं असं मनात होतं. पण इथे कागदाचा दिवस गुरुवार आहे, आणि गादीच्या नावावर नोंदवलेल्या कचऱ्यात कागद सापडला तर गाडीवाले लाल चिठ्ठी लावून सगळंच मागे ठेवून जातील. तुला तर त्याची किती भीती वाटायची. म्हणून हे शर्टाबरोबर खणात राहील. शर्ट परवा मी धुतला. मशीनमध्ये टाकायच्या आधी हुंगलाही, तुझ्यासारखा, आणि मला तो वास आवडला.

एक मात्र सांगायचं राहिलं, ते बाबांनाही सांगितलेलं नाही. सामन्याच्या दिवशी फळ्यावर खेळणाऱ्या गोलीचं नाव लिहिलेलं असायचं. मी सगळ्यांना सांगत आलो की दुसऱ्याचं नाव दिसलं की मला चटका बसायचा. बसायचा, पण नंतर. आधी, अगदी पहिल्यांदा, छातीतलं काहीतरी सैल व्हायचं आणि वाटायचं, चला, आज नाही. त्या दिवशीही सकाळी फळ्यावर माझं नाव नव्हतं, आणि तुझ्याकडे येताना ट्रेनमध्ये मी खूश होतो. तू कॉलरमध्ये हात घातलास तेव्हाही होतो.