खळ्यावरची उंब्रियन प्रार्थना

टेंभुर्णी, फेब्रुवारी १९५८

प्रिय मार्तंडा,

खळ्यावर ज्वारी येऊन पडलीय आणि तुझी फार आठवण येतेय. जुन्या भाषा शिकायला इटलीला जायच्या आधी तू इथंच बसून दादांना ती तिकडच्या जुन्या उंब्रियन भाषेतली प्रार्थना वाचून दाखवली होतीस, काशाच्या पत्र्यांवर कोरलेली.

"वेइरो म्हणजे वीर, माणसं. पेकुओ म्हणजे पशू," तू सांगत होतास. "माणसं, जनावरं, शेतं, पिकं सांभाळ, असं देवाला मागितलंय, दादा."

दादांनी हातातली पाटी खाली ठेवली. "हे तर आपलंच मागणं हाय. कोण बोलतं ही भाषा?"

"आता कोणीच न्हाई. लॅटिन पसरली आन् ही संपली."

दादांनी पाटी परत उचलली. मंग म्हणाले, "जा तू. कोणीतरी ऐकाया पाहिजे." दुसऱ्याच दिवशी जालन्याला जाऊन त्यांनी तुझ्या कोटासाठी लोकरी कापड आणलं.

मार्तंडा, मंगळवारी दादा गेले. छातीत कळ आल्ती, पण शेवटपर्यंत शुद्धीवर होते. मी तुला तार करायला उठले, तर त्यांनी हात धरला.

"बिलकुल न्हाई. अर्ध्यातून येईल तो. परीक्षा होऊ दे त्याची."

लेक म्हणून तू जवळ न्हवतास, तर अग्नी गिरिधरकाकांनी दिला.

मी दादांना शब्द दिलाय, म्हणून हे पत्र टाकणार न्हाई. उद्या दुसरं लिहीन. त्यात तिकडच्या थंडीचं विचारीन, आणि दादांनी तुला आशीर्वाद सांगितलाय, असं लिहीन. तेवढं मात्र खोटं न्हाई. जाताना त्यांनी खरंच सांगितलाय.

तुझी वाट बघणारी,
उमाअक्का