लाम्ब्रोस वाक्य विसरतो

१२ जानेवारी १९६४
आज रंगमंचावरच नव्या वर्षाचा केक कापला. मालक फोतिस यांच्या हातात सुरी. रीतीप्रमाणे पहिला तुकडा ख्रिस्ताच्या नावाचा, दुसरा थिएटरचा, मग नटांचे, शिंपिणीचा, दिवेवाल्याचा. संपलं! दरवर्षी एक तुकडा रंगमंचाच्या पुढच्या कडेखालच्या प्रॉम्प्टरच्या बिळाचा, म्हणजे माझा असतो.

आमचा विनोदी नट लाम्ब्रोस ओरडला, "अहो फोतिस, ताई जमिनीखाली बसते म्हणून तिला मेलेली धरलंत की काय?"

सगळे हसले. मालक नाही. म्हणाले, "कार्निव्हल झाला की त्या बिळावर फळ्या ठोकणार. अथेन्समध्ये आता कोण ठेवतंय प्रॉम्प्टर? नटांनी पाठ करावं!"

लाम्ब्रोसने आपला अर्धा तुकडा मला दिला. मी खाल्ला. काय करणार?

१३ जानेवारी
एकसष्ट वर्षांची बाई. दुसऱ्याच्या कानात शब्द टाकणं सोडून दुसरं काही येत नाही मला.

२१ जानेवारी
भलतंच झालं! दुसऱ्या अंकात लाम्ब्रोस मध्येच थांबला. वाटलं, हशा ताणतोय — त्याची खोडच आहे. पण त्याने खाली माझ्याकडे पाहिलं. नजर कोरी. मी शब्द दिला, त्याने उचलला. बावीस वर्षांत पहिल्यांदा!

२६ जानेवारी
आज तिसऱ्यांदा. आज तर गुडघ्यावर बसून बिळात डोकावला — "ताई, जरा मोठ्याने, मलाही कळू दे नाटक कसलं आहे!" लोक हसून हसून बेजार. त्यांना वाटलं, लिहिलेलंच आहे. मला रडू आलं.

हा माणूस विसरतो? युद्धातल्या उपासमारीच्या त्या हिवाळ्यात, इटालियन फौज गावात असताना, वोलोसला आमच्या फिरत्या कंपनीत आला. काटकुळा पोरगा. काम एवढंच, की झाकलेलं भांडं आणायचं आणि म्हणायचं, "बाईसाहेब, सूप तयार आहे." याने झाकण उचललं, आत पाहिलं, आणि काही न बोलता हळूच परत ठेवलं. समोर बसलेले सगळे उपाशी. आधी हसले, मग गप्प झाले, मग असे हसले की पडदा पाडावा लागला. नंतर मी झापलं — वाक्य का खाल्लंस रे? म्हणाला, "ताई, दुसरं खायला होतं काय?"

आता सिनेमातही आहे, पोरं रस्त्यात त्याच्यासारखं चालून दाखवतात. माझी फार माया आहे त्याच्यावर. लिहूनच टाकते.

१ फेब्रुवारी
मालकांनी बोलावलं. "फळ्यांचं राहू दे. लाम्ब्रोसचं डोकं ठिकाणावर येईपर्यंत बस तू." त्याच्या दुखण्यावर माझी नोकरी टिकली! आनंद झाला, आणि त्या आनंदाची लाजही वाटली.

८ फेब्रुवारी
न राहवून त्याच्या बायकोकडे, देस्पिनाकडे गेले. सगळं सांगितलं. ती म्हणाली, "विसरतो? माझ्या आईने लग्नात काय टोमणा मारला तो अजून शब्दन् शब्द ऐकवतो!" आणि हसत माझ्या ताटात आणखी घेवडा वाढला. राग आला. नवरा हातचा चाललाय आणि ही हसते!

सिनेमावाल्यांना कळलं तर दुसऱ्या दिवशी काढतील त्याला. तिथे तर बीळही नाही. मीच जावं. एखाद्या कोचामागे बसेन.

१७ फेब्रुवारी
सकाळी स्टुडिओत गेले. कॅमेऱ्याच्या मागे, दोऱ्यांच्या ढिगाआड उभी राहिले. त्याचं तीन पानी भाषण. माझे ओठ आधीच हलायला लागले.

एका दमात म्हटलं. पहिल्याच फेरीत. एक अक्षर इकडचं तिकडे नाही! समोरची म्हातारी नटी अडली, तर तिलाही यानेच हळूच वाक्य दिलं.

रंगभूषा करणाऱ्या बाईला विचारलं, "हल्ली विसरतो का हो हा?"

"हा? हा आमची सगळ्यांची वाक्यं पाठ करून येतो!"

त्याला न भेटताच निघाले. ट्रॉलीबसच्या थांब्यावर बसून रडले. तीन बस गेल्या.

१८ फेब्रुवारी
दुसरा अंक. लाम्ब्रोस थांबला. खाली पाहिलं. मालक विंगेत उभे होते.

मी शब्द दिला — विंगेपर्यंत जाईल एवढ्या मोठ्याने.