बांधावरचा माणूस

इस्माइलिया, २० नोव्हेंबर १९७३

प्रिय इन्साफताई,

सलाम. तुझं पत्र आणि ईदची कहक बिस्किटं पोचली. निम्म्यांचा चुरा झाला होता, तोही चमच्याने खाल्ला. पायाची जखम भरत आलीय. आईला सांग, खोकला नाही.

दाजींनी माझा पेपरातला फोटो दुकानात आरशावर लावलाय, आणि दाढीला येणारे म्हणतात, “या पोरानं जन्मभर सिनेमात हीरोच्या थपडा खाल्ल्या, शेवटी नाव काढलं.” वाचलं. उत्तराला उशीर झाला तो पायामुळे नव्हे. तो फोटो उतरवायला सांग.

कालवा ओलांडला त्या दिवशी पलीकडच्या शत्रूच्या वाळूच्या बांधावर झेंडा रोवला तो रशवानने. सोहागकडचा, माझ्याच तुकडीतला. फोटो काढायचं काम माझ्याकडे होतं; मी कॅमेरा घेऊन होडीत पालथा पडलो होतो. डोकं वर न काढताच बटण दाबत राहिलो, एकही फोटो धड आला नाही.

दुसऱ्या दिवशी गोळीबार थांबल्यावर अधिकारी त्याला म्हणाला, “पुन्हा चढ. नीट फोटो घेऊ.”

रशवान डब्यातली उसळ खात होता. “काल माझ्या दोन्ही बाजूंचे पडले, साहेब. त्यांनाही पुन्हा पडायला सांगणार का?”

अधिकाऱ्याने माझ्याकडे पाहिलं. “तू तर नट आहेस.”

नाही म्हणता आलं असतं. पण ताई, मला बरं वाटलं गं. आयुष्यात पहिल्यांदा चित्राच्या मधोमध उभा राहणार होतो. कॅमेरा सोबत्याकडे दिला, झेंडा घेतला आणि चढलो. खाली आल्यावर रशवान एवढंच म्हणाला, “हसलास कशाला? काल वर कोणी हसत नव्हतं.”

पुढच्याच आठवड्यात बॉम्बहल्ल्यात तो गेला. माझ्या पायात तुकडा घुसला तो त्याच वेळी.

ईदनंतर त्याची आई इस्पितळात आली, हातात पेपराची घडी. “झेंडा मी लावला, असं पोरानं कळवलं होतं. गावात सगळ्यांना सांगितलं मी. आता लोक म्हणतात, मेलेल्याच्या थापा. हा तूच ना, लेकरा? तेव्हा माझा रशवान कुठं होता?”

मी म्हणालो, “खाली बसला होता.”

तिने मान हलवली, माझ्या पायावरची चादर सारखी केली आणि निघून गेली. जन्मात इतका नीच कधी वाटलो नव्हतो स्वतःला.

गेल्या शुक्रवारी काठी टेकत तिच्या गावी गेलो. सगळं सांगितलं. ती रडली नाही. म्हणाली, “मला काय सांगतोस? मी आई आहे त्याची. बाहेर ओट्यावर बसलेत ना, त्यांना सांग.”

बाहेर गेलो. बाप्यांसमोर उभा राहून सांगितलं. मग एक म्हातारा म्हणाला, “नट ना तू? मग आत्ता नटत नाहीस कशावरून?”

काठी टेकून तिथेच उभा राहिलो. शेवटी तीच दारातून म्हणाली, “असं तोंड नटून होत नाही, हाज्जी.” म्हाताऱ्याने सरकून मला बसायला जागा दिली. पण मला बसवेना.

निघताना तिने वाटेसाठी भाकऱ्या बांधून दिल्या. घेतल्या. अजून उशाशी आहेत, वाळून कडक झाल्यात. खायची हिंमत होत नाही, आणि टाकू तरी कुठे?

आईला हे तू वाचून दाखव. ती म्हणेल, तेव्हाच घरी येईन.

तुझा धाकटा,
फिक्री